एक फोटो काढला तर कर्ता, चोवीस काढले तर नोकर

भारताचा कॉपीराइट कायदा १९५७ सालचा. त्यात कुठल्या कृतीचा 'कर्ता' कोण, याची व्याख्या दिलेली आहे. पुस्तकाचा कर्ता लेखक, चालीचा कर्ता संगीतकार, फोटोचा कर्ता फोटो काढणारा. इथपर्यंत सगळं आपल्या सामान्य समजुतीला धरून आहे. मग चित्रपट येतो. चित्रपटाचा कर्ता कोण? कायदा म्हणतो, निर्माता.

याचा अर्थ नीट लक्षात घ्या. चित्रीकरण चालू असताना कॅमेरामननं खिशातला साधा कॅमेरा काढून नटीचा एक फोटो टिपला, तर कायद्याच्या लेखी तो त्या फोटोचा कर्ता. (पैसे घेऊन काढलेल्या फोटोची मालकी पैसे देणाऱ्याकडे जाऊ शकते, पण कर्तेपण फोटो काढणाऱ्याचंच राहतं.) त्याच जागी उभं राहून, त्यानंच लावलेल्या उजेडात, त्याच चेहऱ्याची त्यानं सेकंदाला चोवीस चित्रं टिपली, की तो कुणीच नाही. एक फोटो काढला तर कलावंत, चोवीस काढले तर पगारी माणूस!

हा निव्वळ शब्दच्छल आहे असं ज्यांना वाटतं त्यांच्यासाठीच हा लेख आहे. माझं म्हणणं थोडक्यात असं: छायाचित्रकार हा चित्रपटाचा सहकर्ता आहे. त्याला 'तंत्रज्ञ' या खोक्यात टाकून आपण शंभर वर्षं त्याचं नाव, त्याचा पैसा आणि त्याच्या कामावरचा त्याचा शब्द, हे तिन्ही काढून घेतलं आहे. आणि यात आपण, म्हणजे परदेशात बसून तिकिटं काढणारे, वर्गण्या भरणारे, महोत्सव भरवणारे प्रेक्षक, अगदीच निर्दोष नाही.

उदाहरण सगळ्यांना ठाऊक असलेलं घेऊ. 'कागज़ के फूल', १९५९. रिकाम्या स्टुडिओत वरून तिरका उतरणारा उजेडाचा जाड झोत, त्यात तरंगणारी धूळ, आणि दोन माणसं एकमेकांपासून दूर उभी. हे दृश्य न पाहिलेला हिंदी सिनेमाचा रसिक सापडणार नाही. आपण त्याला काय म्हणतो? 'गुरुदत्तचा तो शॉट.' फार झालं तर 'गीता दत्तचं ते गाणं'. तो झोत तिथे आला कसा, हे फार थोडे विचारतात. गुरुदत्तना तसा सूर्यप्रकाशाचा भास हवा होता, पण स्टुडिओतल्या दिव्यांचा झोत पसरतो, सूर्याचा पसरत नाही. कॅमेरामन व्ही. के. मूर्तींना युक्ती सुचली ती आरशावरून परावर्तित होणारं ऊन पाहून. त्यांनी एक मोठा आरसा बाहेर उन्हात ठेवला, त्यातलं ऊन दुसऱ्या आरशावर घेतलं आणि तिथून आत सोडलं. तो खरा सूर्य आहे, आरशांनी वाट वळवून आत आणलेला. 'मला असं काहीतरी हवंय' हे दिग्दर्शकाचं. 'ते असं होईल' हे मूर्तींचं. कर्तेपण म्हणजे याहून वेगळं काय असतं?

हे मूर्ती कोण होते? वेंकटराम पंडित कृष्णमूर्ती, जन्म १९२३, म्हैसूर. व्हायोलिन वाजवायचे. स्वातंत्र्य चळवळीत तुरुंगात गेले. बेंगळुरूच्या पॉलिटेक्निकमधून १९४६ साली छायाचित्रणाची पदविका घेतली आणि मुंबईत येऊन फली मिस्त्रींसारख्या उस्तादांच्या हाताखाली राबले. १९५१ साली 'बाज़ी'च्या वेळी ते सहायक होते. मुख्य कॅमेरामन व्ही. रात्रा. एका गाण्यात कॅमेरा हलवून घ्यायचा एक अवघड शॉट मूर्तींनी सुचवला आणि स्वतः घेऊन दाखवला. गुरुदत्तनी तिथेच हेरलं. पुढच्याच वर्षी 'जाल'चं छायाचित्रण मूर्तींकडे आलं. मग 'आर पार', 'मिस्टर अँड मिसेस ५५', 'प्यासा', 'कागज़ के फूल', 'साहिब बीबी और ग़ुलाम'. 'कागज़ के फूल' हा भारतातला पहिला सिनेमास्कोप चित्रपट. ती रुंद चौकट कशी भरायची हे आपल्याकडे शिकवायला कुणी नव्हतं, मूर्तींनी ती भरून दाखवली. चित्रपट सपाटून पडला. गुरुदत्तनी त्यानंतर दिग्दर्शक म्हणून स्वतःचं नाव कधी लावलं नाही. पण फिल्मफेअरचे दोन पुरस्कार त्याला मिळाले, छायाचित्रणासाठी मूर्तींना आणि कलादिग्दर्शनासाठी आपल्या मराठी एम. आर. आचरेकरांना. जे दोघं 'तंत्रज्ञ' म्हणून गणले गेले, त्यांचंच काम त्या पडलेल्या चित्रपटात उभं राहिलं!

१९६४ साली गुरुदत्त गेले. मूर्ती त्यापुढेही अनेक वर्षं काम करत राहिले. 'लव्ह इन टोकियो', 'जुगनू' असे धंदेवाईक चित्रपट केले, 'पाकीज़ा'च्या रखडलेल्या चित्रीकरणातला काही भाग केला, १९८८ साली दूरदर्शनवर आलेल्या 'भारत एक खोज'चं आणि 'तमस'चं काम केलं. म्हणजे १९५१ पासून धरलं तर चार दशकांची कारकीर्द. आपल्या डोक्यात मात्र ते 'गुरुदत्तचे कॅमेरामन' एवढेच राहिले. जणू गुरुदत्तच्या आधी त्यांना डोळे नव्हते आणि नंतर हात नव्हते.

दादासाहेब फाळके पुरस्कार १९६९ सालापासून दिला जातो. नितीन बोस यांच्यासारखे कॅमेऱ्यापासून सुरुवात करून दिग्दर्शक झालेले लोक त्या यादीत होते. पण निव्वळ छायाचित्रणासाठी तो मिळालेला पहिला माणूस म्हणजे मूर्ती, आणि त्यांचा पुरस्कार २००८ सालचा. एकोणचाळीस वर्षं लागली! फाळके स्वतः कोण होते? जे. जे.त शिकलेले, गोध्र्यात फोटोचा स्टुडिओ चालवलेले, लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन आलेले आणि दाण्याला फुटणारा कोंब दिवसेंदिवस टिपत बसून पहिली फिल्म केलेले गृहस्थ. एका छायाचित्रकाराच्या नावाचा पुरस्कार छायाचित्रकारापर्यंत पोचायला चार दशकं लागावीत, याला काय म्हणायचं?

आणि फाळक्यांचं नाव निघालंच आहे तर मराठी माणसाला एक प्रश्न विचारतो. 'राजा हरिश्चंद्र'चा कॅमेरा कोणी चालवला? प्रश्नमंजूषेत आपल्याला १९१३ हे साल येतं, तारामती झालेल्या साळुंके यांचं नावही येतं. कॅमेऱ्याचं हँडल फिरवणाऱ्या त्र्यंबक तेलंगांचं नाव येत नाही. फाळक्यांनी या माणसाला यंत्र शिकवलं आणि भारताच्या पहिल्या कथाचित्रपटाची रिळं त्यांच्या हातून उतरली. त्या काळात कॅमेरामनच्या मनगटाचा वेग हाच चित्रपटाचा वेग असे. हात थरथरला की पडद्यावरचा हरिश्चंद्रही थरथरायचा.

प्रभातचंही तेच. १९२९ साली कोल्हापुरात कंपनी काढणाऱ्या पाच भागीदारांत केशवराव धायबर होते, कॅमेऱ्याचे जाणकार. 'अमृतमंथन'मधला राजगुरूचा पडदा भरून टाकणारा डोळा सगळ्यांना आठवतो, तो शांतारामबापूंच्या नावावर जमा आहे. कॅमेऱ्यामागचे धायबर कितीजणांना आठवतात? 'संत तुकाराम' व्हेनिसला गौरवला गेला, हे आपण १९३७ पासून सांगत आलो आहोत. विष्णुपंत पागनीसांचा चेहरा डोळ्यांपुढे येतो, दामले-फत्तेलाल ही जोडी आठवते. त्या चेहऱ्यावरचा उजेड व्ही. अवधूत यांचा होता, हे मात्र मुद्दाम सांगावं लागतं.

आता नेहमीचे आक्षेप. मित्रमंडळींत हा विषय काढला की ते ठरलेल्या क्रमानंच येतात, म्हणून त्याच क्रमानं घेतो.

पहिला आक्षेप: चित्रपट दिग्दर्शकाचा असतो, कॅमेरामन त्याच्या डोक्यातलं उतरवतो. मला सांगा, सुब्रत मित्रांनी 'अपराजितो'त काय उतरवलं? बनारसच्या घराचं अंगण स्टुडिओत उभारलं होतं. खऱ्या अंगणात उजेड आभाळातून येतो, चारी बाजूंनी सारखा, सावली न पाडता. स्टुडिओतल्या दिव्यांनी तो येईना. मित्रांनी सेटवर पांढरं कापड ताणलं आणि दिवे सरळ न लावता त्या कापडावरून परतवून उजेड खाली आणला. आज मुंबईच्या कुठल्याही सेटवर थर्माकोलचा पत्रा धरून उभा असलेला पोरगा दिसतो ना, तो त्याच विचाराचा वारस. साल १९५६. 'पथेर पांचाली'च्या आधी या माणसानं चित्रपटाचा कॅमेरा हाताळलेलाही नव्हता. सत्यजित राय थोर होतेच, पण तो उजेड रायांच्या पटकथेत लिहिलेला नव्हता. कल्पना दिग्दर्शकाची, हे मान्य. पण नाटककार कल्पना देतो म्हणून आपण नटाला 'उतरवून काढणारा' म्हणत नाही. गीतकाराला प्रसंग दिग्दर्शकच समजावून सांगतो, तरी गाण्याचा कर्ता गीतकारच असतो. मग नियम फक्त कॅमेऱ्यापाशीच का बदलतो?

दुसरा आक्षेप आपल्या मंडळींचा खास आवडता, कारण आपण बहुतेक संगणकातले. 'मी कंपनीसाठी कोड लिहितो, तो कंपनीचा होतो. पगार घेतला, विषय संपला. कॅमेरामनचं वेगळं काय?' आक्षेप सरळ आहे, उत्तरही सरळ आहे. आपल्यापैकी कित्येकांच्या नावावर अमेरिकन पेटंटं आहेत. पेटंट कंपनीच्या मालकीचं असतं. पण त्यावर शोध लावणाऱ्याचं नाव घालणं बंधनकारक आहे, कंपनीला आपलं नाव खोडून स्वतःचं घालता येत नाही. मालकी वेगळी, कर्तेपण वेगळं. आपण ते प्रमाणपत्र चौकट करून भिंतीवर लावतो आणि लावावंच. भारतीय कायदा कॅमेरामनला नेमकं हेच नाकारतो. मालकी निर्मात्याकडे जाते याबद्दल माझी तक्रार नाही, पैसा त्याचा, जोखीम त्याची. तक्रार ही आहे की मालकीबरोबर कर्तेपणही जातं. कर्ता नसलेल्याला त्या कायद्याचं ५७ वं कलम लागू होत नाही, आणि ५७ वं कलम म्हणजेच आपलं नाव सांगण्याचा आणि आपल्या कामाची मोडतोड झाली तर दाद मागण्याचा हक्क.

तिसरा आक्षेप: 'असं म्हणाल तर उद्या लाइटमन, मेकअपमन, स्पॉटबॉय सगळेच हक्क मागतील, आणि चित्रपट विकताच येणार नाही.' ही भीती जुनी आहे. गीतकार-संगीतकारांच्या वेळीही हीच दाखवली गेली होती. १९७७ साली सर्वोच्च न्यायालयानं चित्रपटासाठी मोबदला घेऊन केलेल्या गाण्याचे हक्क सर्वसाधारणपणे निर्मात्याकडे जातात असा निकाल दिला, आणि गीतकार-संगीतकारांच्या पिढ्या एकरकमी पैसे घेऊन घरी गेल्या. जावेद अख्तर राज्यसभेत या प्रश्नावर भांडले, आणि २०१२ च्या दुरुस्तीनं लेखक-संगीतकारांना रॉयल्टीचा असा वाटा दिला की तो लिहून देता येत नाही. मग काय झालं? गाणी बंद पडली? चित्रपट विकायचे थांबले? उद्योग वाढतच गेला. त्या दुरुस्तीत कॅमेरामनचा मात्र विचारच नव्हता.

आणि जगात दुसरीकडे हे चालतंच. पोलंडचा कायदा चित्रपटाच्या सहकर्त्यांची यादी देतो: दिग्दर्शक, छायाचित्रकार, रूपांतरकार, संगीतकार, पटकथाकार. पुढच्या वापरावर मोबदलाही देतो. त्या देशानं जगाला छायाचित्रकारांच्या पिढ्याच्या पिढ्या दिल्या. मुद्दाम पोलंडचं नाव घेतलं, कारण त्याचा एक धागा थेट मराठीशी येऊन मिळतो. चैतन्य ताम्हाणेंचा 'द डिसायपल' आठवतो? २०२० साली व्हेनिसच्या मुख्य स्पर्धेत होता, पटकथेचा पुरस्कार घेऊन आला. मोटरसायकलवर बसलेला शरद, रात्रीची मुंबई, कानात माईंचा आवाज आणि हळूहळू सरकणारा रस्ता. तो चित्रपट टिपला मिखाउ सोबोचिन्स्की या पोलिश छायाचित्रकारानं. आजोबा छायाचित्रकार, वडील छायाचित्रकार, भाऊ छायाचित्रकार. हाच माणूस वॉर्सॉत चित्रपट करतो तेव्हा कायद्यानं सहकर्ता, आणि मुंबईत मराठी चित्रपट करतो तेव्हा इथला कायदा त्याला कर्ता म्हणत नाही. माणूस तोच, डोळा तोच. बदलतो तो फक्त देश.

जर्मनीत योस्ट वाकानो या छायाचित्रकारानं 'दास बोट' टिपला. १९८१ चा चित्रपट, पाणबुडीच्या अरुंद बोळातून हातात कॅमेरा घेऊन पळत पळत घेतलेली दृश्यं, आणि त्यासाठी कॅमेरा स्थिर राहावा म्हणून स्वतः घडवलेलं यंत्र. चित्रपट जगभर चालला, पुनःपुन्हा दाखवला गेला, वाकानोला मिळाला तो मूळ मोबदला. म्हातारपणी त्यानं दावा लावला आणि दहा वर्षांहून अधिक काळ लढला. न्यायालयांनी त्याला जादा मोबदल्याचा हक्क मान्य केला, कारण तिथल्या कायद्यानं तो सहकर्ता होता. सहकर्ता नसता तर दारातच अडवला असता.

इथे आपल्या अमेरिकेची शेखी मिरवण्याचंही कारण नाही. इथेही स्टुडिओच्या चित्रपटाचं कर्तेपण स्टुडिओकडेच जातं. छायाचित्रकारांच्या संघटनेला पुढच्या कमाईतला जो वाटा मिळतो तो निवृत्तिवेतन आणि आरोग्यविम्याच्या निधीत जातो, थेट हातात येत नाही. पण निदान निधी आहे, संघटनेचा करार आहे, कामाच्या तासांवर भांडायला जागा आहे.

चौथा आक्षेप सगळ्यात नवा: 'आता काय, सगळं संगणकावरच होतं. रंग नंतर बदलतात, आकाश नंतर घालतात. कॅमेरामन उरलाय कुठे?' मला वाटतं हा आक्षेप माझ्याच बाजूनं बोलतो. चित्र नंतर बदलता येतं म्हणूनच, ते बदलताना कुणाला विचारायचं हे ठरवणं आता गरजेचं झालं आहे. १९६० चा 'मुग़ल-ए-आज़म' बराचसा कृष्णधवल होता. आर. डी. माथुरांनी करड्याच्या शेकडो छटा धरून त्याचे दरबार आणि तुरुंग उजळले होते. २००४ साली तो संपूर्ण रंगीत करून पुन्हा लावला. आपण गर्दी केली, मुलांना नेलं. कृष्णधवल चित्राची प्रकाशयोजना रंगाचा विचार करून केलेली नसते, हे कुणाच्या मनात आलं? कायद्यात छायाचित्रकाराची परवानगी घ्यायची तरतूदच नाही. आणि २०२५ साली 'रांझणा'चा शेवट कृत्रिम बुद्धिमत्तेनं बदलून त्याची तमिळ आवृत्ती पुन्हा प्रदर्शित झाली. दिग्दर्शक आनंद एल. राय यांनी जाहीर विरोध केला, त्याचा उपयोग झाला नाही. ज्या व्यवस्थेत दिग्दर्शकालाच कुणी विचारत नाही, तिथे कॅमेरामनचा चेहऱ्यावरचा उजेड उद्या एका बटणानं पुसला गेला तर तो कुठे जाणार?

या सगळ्याचा परिणाम कारकिर्दीवर काय होतो ते पाहा. आपल्याकडे नाव हवं असेल तर कॅमेऱ्यामागून उठून दिग्दर्शकाच्या खुर्चीत बसावं लागतं. मूर्तींचे सहायक गोविंद निहलानी. 'शांतता! कोर्ट चालू आहे'चं छायाचित्रण त्यांचं, 'अंकुर', 'मंथन', 'भूमिका' त्यांचे. पण घराघरात नाव झालं ते 'आक्रोश' आणि 'अर्धसत्य' दिग्दर्शित केल्यावर. 'सैराट'मधली विहीर, केळीची बाग, उन्हात तळपणारं रान टिपणारे सुधाकर रेड्डी यक्कंटी लोकांना कळले ते 'नाळ' केल्यावर. अविनाश अरुणनी 'किल्ला' दिग्दर्शितही केला आणि टिपलाही, म्हणून कोकणच्या त्या पावसाचं श्रेय त्यांना मिळालं. तिघांचेही चित्रपट उत्तम आहेत. पण उत्तम सतारियानं ओळख मिळावी म्हणून गायला लागावं, अशी ही तऱ्हा झाली. गायक सतारीकडे वळले नाहीत म्हणून कुणी त्यांना कमी लेखत नाही, मग 'विहीर' आणि 'वळू' टिपणाऱ्या सुधीर पळसाणेंनी फक्त छायाचित्रकार राहून मोठं का होऊ नये?

आता आपल्याबद्दल. मराठी चित्रपटाचे परदेशातले हक्क आज वेगळे विकले जातात, ते आपल्या जिवावर. डॅलस, सिडनी, दुबई, लंडन इथली तिकिटं आणि घरबसल्या भरलेली मासिक वर्गणी यांचा त्या किमतीत हिशेब असतो. त्यातला एक सेंट, एक पेनी, एक फिल्सही चित्र टिपणाऱ्याकडे हक्क म्हणून जात नाही. त्याचा व्यवहार शेवटचं पॅकअप झालं, रंग जुळवून झाले, की संपलेला असतो. म्हणजे ही व्यवस्था तिकडे कुठेतरी चालू आहे असं नाही, तिला पैसा आपण पुरवतो.

आणि नाव तरी कुठे घेतो? महाराष्ट्र मंडळांच्या चित्रपट-खेळाची निमंत्रणं आठवा. नट, नटी, दिग्दर्शक, प्रायोजक, समोशाचा प्रायोजक, वाहनतळाची सूचना. छायाचित्रकार नाही. महोत्सवाला भारतातून पाहुणे येतात ते नट आणि दिग्दर्शक. परीक्षणात एक वाक्य असतं, 'छायाचित्रण नेत्रसुखद'. नाव नसतं. घरी पाहताना श्रेयनामावली सुरू होते न होते तोच पडद्यावर पुढच्या चित्रपटाचं बटण येतं आणि आपण दाबतो.

नुसत्या ओरडण्यानं काय होतं, असं म्हणणाऱ्यांना २०१९ चं ऑस्कर आठवून देतो. अकादमीनं जाहीर केलं की छायाचित्रण, संकलन आणि आणखी दोन पुरस्कार जाहिरातींच्या वेळात उरकून घेऊ. छायाचित्रकार खवळले, त्यांच्या बाजूनं मोठमोठे दिग्दर्शक उभे राहिले, आणि काही दिवसांत अकादमीला माघार घ्यावी लागली. त्या वर्षी तो पुरस्कार 'रोमा'साठी आल्फोन्सो क्वारोननी सगळ्यांसमोर घेतला. हेच क्वारोन पुढे 'द डिसायपल'च्या पाठीशी कार्यकारी निर्माते म्हणून उभे राहिले. तिथे दिग्दर्शकांनी ओळखलं की कॅमेरामनचा अपमान हा चित्रपटाचा अपमान आहे. आपले दिग्दर्शक कधी ओळखणार?

म्हणून मागण्या स्पष्ट मांडतो. भारतीय कायद्यानं छायाचित्रकाराला सहकर्ता म्हणावं आणि ५७ व्या कलमाचं संरक्षण द्यावं. जुना चित्रपट पुन्हा रंगवताना, सुधारताना, बदलताना हयात छायाचित्रकाराला विचारणं आणि त्या कामाचे पैसे देणं बंधनकारक करावं. गीतकार-संगीतकारांना जसा न काढून घेता येणारा वाटा मिळाला, तसा चित्र टिपणाऱ्यालाही द्यावा. हे संसदेचं काम आहे, आणि आपल्यातल्या अनेकांना तिथे मत नाही. पण पुढचं तर आपल्याच हातात आहे. ज्या निमंत्रणावर छायाचित्रकाराचं नाव नाही ते मंडळानं छापू नये. महोत्सवानं दर वर्षी एका तरी छायाचित्रकाराला बोलवावं, त्याच्याकडून एखादं दृश्य समजून घ्यावं. ज्या परीक्षणात 'नेत्रसुखद' आहे आणि नाव नाही, ते या आणि अशा अंकांच्या संपादकांनी परत पाठवावं.

'कागज़ के फूल'ला साठ वर्षं केव्हाच उलटली. कायद्यानं चित्रपटाचे हक्क साठ वर्षांचे, तेव्हा निर्मात्याची मालकीही आता संपली आहे. आज कुणीही तो झोत उचलून कुठेही वापरू शकतो आणि मूर्तींचं नाव घालणं कुणावरच बंधनकारक नाही. मालकाचा हक्क साठ वर्षं टिकला. मूर्तींचा एक दिवसही नव्हता. ते २०१४ साली गेले. त्यांच्यासाठी आता काही करता येणार नाही. पण या घडीला कोकणात, माणदेशात, मुंबईच्या एखाद्या चाळीत कुणीतरी पांढरं कापड ताणून उजेड परतवत उभं आहे. त्याचं नाव तरी विचारा.